बोहनीच्या आधी रील: फॉरेनर टुरिस्ट, सोशल मीडिया आणि आपला राग

मागच्या हिवाळ्यातली गोष्ट. नागपुरात सदरकडे जाताना मी ज्या ठेल्यावर नेहमी तर्री पोहे खातो तिथे सकाळी सातच्या सुमारास एक गोरा पोरगा उभा होता, हातात मोबाईल हलू न देणारी ती गिंबलची काठी, कॉलरला छोटासा माईक, आणि ठेलेवाले काका नुकतेच पातेल्यावरचं झाकण उचलत होते. पोराने आधी वाफ शूट केली, मग तर्रीवरचं लाल तेल, मग कांदा कापणारा हात इतक्या जवळून की काकांची नखं दिसावी, मग कॅमेरा स्वतःकडे फिरवून काहीतरी बोलला, हसला, परत पातेलं, परत स्वतः, असं वीसेक मिनिटं चाललं. पोहे काही घेतले नाहीत. हात जोडून नमस्ते म्हणाला आणि गेला.

तीन-चार दिवसांनी तोच व्हिडिओ आमच्या ग्रुपवर फिरत आला. वर उलटी करणारा हिरवा इमोजी आणि "हे खायची तुमची हिंमत आहे का" टाइपचं काहीतरी इंग्रजीत. खाली कमेंटमध्ये नुसता जाळ, देशाची बदनामी, याचा व्हिसा कॅन्सल करा, याला नागपूरच्या उन्हात उभा करा, आणि हे लिहिणारे कोण तर कोणी चंदीगडचा, कोणी चेन्नईचा, ज्यांनी तर्री पोहे जन्मात पाहिले नाहीत. दुसऱ्या दिवशी मी काकांना मोबाईल दाखवला, म्हटलं आता हे भडकतील. काकांनी पूर्ण पाहिला आणि म्हणाले, "नखाचं जाऊ दे ना बाप्पा. बोहनीच्या टायमाले एवढा वेळ उभा राहिला अन् दहा रुपयाचं बी घेतलं नाही. त्या दिवशी दुपारपर्यंत धंदा नाही लागला मले."

मला हे डोक्यातून जाईना. नेटवर हजार लोक ज्या गोष्टीवर भांडून राहिले होते ती ज्याच्या ठेल्यावर घडली त्याला लागलीच नव्हती, आणि त्याला जी लागली ती कोणाच्या गावीही नव्हती. फॉरेनर टुरिस्ट, सोशल मीडिया आणि "आमच्या संस्कृतीचा अपमान" हा जो सगळा गोंधळ जगभर चालू आहे तो मला तेव्हापासून असाच दिसतो, म्हणून म्हटलं जमेल तसं सोपं करून लिहावं.

आधी हे बघा की पूर्वी परक्या गावात माणूस ताळ्यावर कसा राहायचा. कायद्याने नाही हो, नजरेने. देवळात चप्पल घालून शिरला की एखादी आजी नुसती बघायची आणि पाय आपोआप मागे यायचे. भाषा लागत नाही त्याला. समोर जो माणूस उभा आहे त्याला काय वाटेल याची आपल्याला लाज असते, भीड असते, आणि तीच पोलिसाचं काम करते. आता मोबाईल मध्ये आला. शूट करणारा तिथे उभा असतो पण त्याचे प्रेक्षक तिथे नसतातच, ते कुठे रशियात, अमेरिकेत, नाहीतर आपल्याच पुण्यात सोफ्यावर. त्याला लाज वाटायची तर त्यांची वाटते, समोरच्या आजीची नाही. आजी फ्रेममधली एक वस्तू होऊन जाते, रंगीत लुगडं वगैरे.

गंमत म्हणजे यात कोणी बदमाश असावाच लागतो असं नाही. जपानमध्ये फुजी डोंगराच्या पायथ्याशी फुजीकावागुचिको म्हणून गाव आहे, तिथे लॉसनचं एक साधं किराणा-स्टोअर, आणि रस्त्याच्या पलीकडून बघितलं तर दुकानाच्या छपरावर फुजी ठेवल्यासारखा दिसतो. हा फोटो व्हायरल झाला आणि रोज शेकडो लोक त्याच एका जागेवर. रस्ता मध्येच क्रॉस करायचे, कचरा टाकायचे, समोरच्या दातांच्या दवाखान्याच्या पार्किंगमध्ये घुसायचे. शेवटी मे २०२४ मध्ये गावाने तिथे अडीच मीटर उंच आणि वीस मीटर लांब काळी जाळी बांधली, डोंगरच झाकून टाकला. काही दिवसांतच लोकांनी जाळीला मोबाईलच्या कॅमेऱ्याएवढी भोकं पाडली! पुढे ऑगस्टमध्ये वादळ येतंय म्हणून जाळी उतरवली आणि नंतर ती परत लागली नाही. आता यातल्या एकाही टुरिस्टला विचारा, प्रत्येक जण म्हणेल मी काय केलं, एक फोटो तर काढला. आणि खरंच एकच काढलेला असतो. पण अल्गोरिदम काय करतो की जे चाललं तेच आणखी हजार जणांना दाखवतो, म्हणून अख्खा जपान फिरायला मोकळा असताना सगळे त्याच एका फुटपाथवर येऊन उभे. २०२४ मध्ये जपानला साडेतीन कोटींच्या वर फॉरेनर आले, येन घसरलेला, सगळं स्वस्त, त्यामुळे गर्दी तर होतीच, पण ती एका बिंदूवर गोळा करायचं काम मोबाईलने केलं.

क्योटोला गिऑन भागात गेईशा, म्हणजे पारंपरिक नाच-गाणं करणारी कलावंत बाई, कामाला निघाली की तिच्या मागे फोटोसाठी धावणारे, किमोनो ओढणारे एवढे झाले की २०२४ मध्ये तिथल्या खासगी गल्ल्या टुरिस्टला बंद केल्या, शिरलात तर १०,००० येन दंडाची पाटी. ती बाई ड्युटीवर चालली होती. आपल्याकडे मेडिकल हॉस्पिटलची नर्स पाळीवर चाललीय आणि दहा लोक तिच्या स्कूटीसमोर आडवे, तसं.

आता पैशाचा भाग, कारण तो समजल्याशिवाय बाकीचं समजत नाही. व्हिडिओ किती लोकांनी पाहिला, किती वेळ थांबले, किती कमेंट आल्या यावर तो पुढे ढकलला जातो आणि जाहिरातीचे पैसे येतात. मशीनला कमेंट म्हणजे कमेंट. "वा काय सुंदर" आणि "याला हाकला" यात तिला फार फरक दिसत नाही, उलट हाकला म्हणणारा दहादा परत येऊन भांडतो, चार मित्रांना टॅग करतो, म्हणून तोच जास्त कामाचा. म्हणजे आपण ज्याच्यावर चिडलो त्याचं मीटर आपणच फिरवून राहिलो. लाइव्ह स्ट्रीमवाल्यांचं तर आणखी थेट आहे, बघणारे तिथल्या तिथे पैसे पाठवतात आणि सांगतात आता हे कर, आता ते कर. दक्षिण कोरियात ऑक्टोबर २०२४ मध्ये एका अमेरिकन स्ट्रीमरने सोलमधल्या मुलीच्या पुतळ्याला किस करून व्हिडिओ टाकला. तो पुतळा दुसऱ्या महायुद्धात जपानी सैन्याने ज्या बायकांना गुलामीत ठेवलं त्यांच्या आठवणीत उभा आहे. तिथून निघून जायचा त्याचा रस्ता सरकारने बंद केला आणि खटला भरला, पण हा माणूस त्याआधी जपानमध्येही असंच करून अटक झालेला होता, म्हणजे जिथे जखम आहे ती शोधून तिथेच बोट घालायचं हा त्याचा धंदा होता. काकांच्या ठेल्यावरचा पोरगा आणि हा, दोघांना एकाच माळेत ओवू नका. एक नकळत करतो, एक कळून. आपण मात्र दोघांना सारख्याच शिव्या घालतो आणि त्यात नकळत करणारा घाबरून माफी मागतो, कळून करणारा त्या शिव्यांवर जेवतो.

अपमान नेमका कशात असतो हेही प्रत्येक ठिकाणी वेगळं असतं, आणि इथे मामला खरा गुंतागुंतीचा होतो. श्रीलंकेचं उदाहरण घ्या. २०१४ मध्ये एका ब्रिटिश नर्सला कोलंबो एअरपोर्टवर पकडलं, दंडावर बुद्धाचा टॅटू आहे म्हणून. चार दिवसांत परत पाठवून दिलं. आणि ती बाई स्वतः बौद्ध होती, ध्यानाच्या शिबिरांना जाणारी. तिने श्रद्धेने काढलेला टॅटू तिथे अपमान ठरला. पुढे २०१७ मध्ये श्रीलंकेच्याच सुप्रीम कोर्टाने तिच्या हक्कांवर गदा आली म्हटलं आणि आठ लाख श्रीलंकन रुपये भरपाई दिली. आता आपल्या नागपुरात बघा, किती पोरांच्या दंडावर बुद्ध आहे, मनगटावर बाबासाहेबांची सही आहे, ते सगळं प्रेमानेच ना. तोच धर्म, तेच चित्र, पण आदर दाखवायची रीत वेगळी. तिथे बुद्धाकडे पाठ करून सेल्फी घेणंही चालत नाही, २०१२ मध्ये मूर्तीला किस करतानाचे फोटो काढले म्हणून तीन फ्रेंच टुरिस्टना तिथल्या कोर्टाने शिक्षा सुनावली होती, आणि ती गोष्ट बाहेर आली कशी तर फोटो धुवायला दिले त्या लॅबवाल्याने पोलिसांना सांगितलं. बाली बेटावर २०२२ मध्ये एका रशियन इन्फ्लुएन्सरने सातशे वर्षं जुन्या पवित्र झाडाला टेकून नग्न फोटो काढला, नंतर शुद्धीकरणाच्या पूजेला बसली, माफी मागितली, तरी हाकलली. तिच्या डोळ्यांना ते एक मोठं सुंदर झाड होतं. गावाच्या डोळ्यांना आपल्याकडे वडाला सूत गुंडाळतात तसं काही.

मलेशियातला किनाबालू डोंगर मला सगळ्यात लक्षात राहिलेला. ३० मे २०१५ ला काही पाश्चात्त्य टुरिस्ट शिखरावर कपडे काढून फोटोला उभे राहिले. तिथल्या कादाझान-दुसून लोकांसाठी त्या डोंगरावर त्यांचे पूर्वज राहतात. सहाव्या दिवशी, ५ जूनला, भूकंप झाला, १८ माणसं गेली. विज्ञान काय सांगायचं ते सांगतंच, कपड्यांनी भूकंप होत नाही, पण ज्यांच्या घरातली माणसं गेली त्यांना ते दोन प्रसंग वेगळे करून दाखवा बरं. चौघांना तीन दिवस जेल आणि ५,००० रिंगिट दंड झाला. तेव्हा इंग्रजी मीडियात या "अंधश्रद्धेवर" बरंच हसून झालं, आणि मला वाटतं मूळ चुकीपेक्षा ते हसणं जास्त लागलं असेल.

दीक्षाभूमीवरचा एक प्रसंग सांगतो, हा कुठल्याही मोबाईलमध्ये नाही. धम्मचक्र प्रवर्तन दिनाच्या आधीचे दिवस, म्हणजे बाहेर पुस्तकांचे स्टॉल लागायला सुरुवात झालेली, गावोगावहून माणसं यायला लागलेली. १४ ऑक्टोबर १९५६ ला बाबासाहेबांनी इथे दीक्षा घेतली तेव्हापासून ही गर्दी आहे, आणि थायलंड, श्रीलंका, जपानचे भिक्खू, उपासकही येतात, आपल्याला फॉरेनर नवीन नाही. कामठीचं ड्रॅगन पॅलेस बुद्धमंदिर तर जपानी मदतीतूनच उभं राहिलं. तर एक युरोपियन मुलगी स्तूपात आत येऊन बसली, थकलेली दिसत होती, आणि पाय लांब केले ते सरळ मूर्तीच्या दिशेने. बाजूला पांढऱ्या साडीतली एक आजी होती. आजीने काही न बोलता तिच्या गुडघ्यावर हात ठेवला, पाय हलकेच दुमडून दिले, नातीचे दुमडावे तसे, आणि परत डोळे मिटून बसली. मुलगी लाल झाली, सॉरी म्हणाली, मांडी घालून बसली. दहा सेकंदांत काम झालं. हेच कोणी शूट करून "बुद्धाला पाय दाखवणारी विदेशी" म्हणून टाकलं असतं तर ती मुलगी अजून कुठल्यातरी पोलीस ठाण्यात निवेदनं ऐकत बसली असती आणि आजीला कोणी विचारलंही नसतं.

सरकारं काय करून राहिली आहेत? बालीने २०२३ मध्ये काय करायचं काय नाही याची यादी काढली, १४ फेब्रुवारी २०२४ पासून येणाऱ्या प्रत्येक फॉरेनरकडून दीड लाख रुपिया घेतात (आकडा ऐकून दचकू नका, आपले आठ-नऊशे रुपये). न्येपी म्हणजे त्यांचा मौनाचा दिवस, त्या दिवशी एअरपोर्टसुद्धा बंद असतो, कोणी घराबाहेर पडत नाही, आणि २०२३ मध्ये एक पोलिश जोडपं त्याच दिवशी बीचवर तंबू ठोकून बसलं, सांगूनही हलेना, मग परत पाठवलं. ऑस्ट्रेलियात उलुरू खडकावर चढणं २६ ऑक्टोबर २०१९ पासून कायमचं बंद झालं, कारण तिथले मूळचे अनांगू लोक किती वर्षं पाटी लावून विनवत होते की चढू नका, आणि लोक त्याच पाटीसमोर फोटो काढून वर जायचे. माझ्या मते यातली उलुरूची रीत बरी. ती गोष्ट चढणाऱ्याच्या समजूतदारपणावर सोडलीच नाही.

आपल्याकडे कायदा भरपूर आहे. हॉटेलवाल्याने फॉरेनर उतरला की २४ तासांत त्याची माहिती सरकारकडे भरायची, टुरिस्ट व्हिसावर फिरता येतं पण पिक्चर किंवा डॉक्युमेंटरी शूट करायला वेगळा व्हिसा लागतो, सार्वजनिक जागी अश्लील वागलं तर नव्या न्याय संहितेच्या कलम २९६ खाली तीन महिन्यांपर्यंत जेल किंवा हजार रुपयांपर्यंत दंड. पण मोबाईलवर व्हिडिओ काढणारा फिरायला आला की कमवायला, हे इमिग्रेशनच्या काउंटरवर कसं ओळखणार. आणि काही ठिकाणी मामला अपमानाच्या पलीकडे जातो. मार्च २०२५ मध्ये एक चोवीस वर्षांचा अमेरिकन अंदमानातल्या नॉर्थ सेंटिनेल बेटावर बोटीने गेला, किनाऱ्यावर डाएट कोकचा कॅन आणि नारळ ठेवून शूटिंग करून आला. तिथे जायला बंदी आहे, कारण तिथे एकटे राहणाऱ्या आदिवासींना बाहेरच्या साध्या सर्दीचीही सवय नाही, एक शिंक अख्ख्या वस्तीला नेऊ शकते. त्याला पकडलं. तिथे "आम्हाला लाईक द्या" कोणाला म्हणणार होता कोण जाणे.

आता जरा आपल्याकडेही वळू, नाहीतर हा लेख म्हणजे नुसती गोऱ्यांना शिव्या होईल. ३१ डिसेंबर २०२४ ला उमरेड-पवनी-कऱ्हांडला अभयारण्यात एफ-२ वाघीण आणि तिच्या पिल्लांना जिप्स्यांनी दोन्हीकडून घेरलं, वाघिणीला रस्ता सुटेना, आणि सगळ्या गाड्यांतून मोबाईल बाहेर. व्हिडिओ एवढा फिरला की हायकोर्टाच्या नागपूर खंडपीठाने स्वतःहून दखल घेतली. त्या गाड्यांमध्ये फॉरेनर नव्हते हो, आपलेच थर्टी फर्स्टवाले. जंगलाची पण रीत असते, वाघिणीच्या वाटेत उभं राहायचं नाही, हे गावातलं पोरगंही सांगेल. तिथेही तेच झालं, गाईड आणि ड्रायव्हर समोर होते, त्यांना कळत होतं, पण गाडीतल्या लोकांना घरी जाऊन कोणाला तरी दाखवायचं होतं.

आणि फॉरेनर दिसला की आपण काय करतो? फुटाळा तलावावर बघा, एखादी गोरी बाई आली की सेल्फीची लाइन, कोणी खांद्यावर हात टाकतो, कोणी कडेवर पोरगं देऊन फोटो काढतो, तिला विचारतं कोण. एका रशियन मुलीने वैतागून "एक सेल्फी १०० रुपये" असा कागद हातात धरला होता, तो व्हिडिओही व्हायरल, आणि खाली आपलेच लोक हसून राहिले. मुंबईत २०२२ मध्ये एक कोरियन मुलगी रस्त्यावर लाइव्ह करत असताना दोन पोरांनी तिला ओढायचा, किस करायचा प्रयत्न केला, दोघांना अटक झाली. तिच्या संस्कृतीचं तिथे काय झालं हा प्रश्न कोणी विचारला नाही.

बरं, कॅमेऱ्याने सगळं वाईटच होतं असंही नाही, नागपूरकराने तर असं म्हणूच नये. सदरच्या डॉली चायवाल्याची टपरी आपल्याला आधीपासून माहीत होती, पण फेब्रुवारी २०२४ मध्ये त्याने हैदराबादला बिल गेट्सला चहा पाजला आणि जगाला माहीत झाली. त्याला त्या वेळी समोर कोण उभा आहे हेही माहीत नव्हतं म्हणे, कोणीतरी फॉरेनचा माणूस आहे एवढंच. त्याने जसा रोज उंचावरून दुधाची धार सोडून चहा देतो तसाच दिला. आजही फॉरेनर येतात, शूट करतात, पण तिथे खेळ डॉलीचा असतो, कधी हात फिरवायचा, कधी कॅमेऱ्याकडे बघायचं हे तो ठरवतो. काकांच्या ठेल्यावर तसं नव्हतं, तिथे ठरवणारा तो पोरगा होता.

मागच्या आठवड्यात परत एक जण आला होता, या वेळी जोडीने, बहुतेक पेंचच्या जंगलात चाललेले, पाठीवर मोठ्या बॅगा. मी प्लेट घेऊन उभाच होतो. मुलाने मोबाईल काढला आणि पातेल्याकडे वाकला. काकांनी पळी तशीच धरली, डाव्या हाताने एक प्लेट भरली, वरून कांदा, शेव, दोन पळ्या तर्री, आणि मोबाईल आणि पातेल्याच्या मध्ये आणून त्याच्या हातात दिली. मग बोटाने तीस दाखवले. पोराने खिशातून नोटा काढल्या, काकांनी त्या कपाळाला लावल्या, डब्यात टाकल्या आणि माझ्याकडे बघून म्हणाले, "सांग बे त्याले इंग्लिशमध्ये, झाली बोहनी, आता काढ म्हणा किती काढायचे ते."